फरशीवर आम्ही कितीजण होतो

धाकटीच्या दुसऱ्या मुलीच्या बारशाला मी ती गोष्ट पुन्हा एकदा सांगितली. मुरबाडला तिचं सासर. जेवणं उरकली होती, पुरुषमंडळी बाहेर मांडवात पानं खात बसली होती आणि आम्ही बायका आतल्या खोलीत पाळण्याभोवती पाय पसरून बसलो होतो. आदल्या आठवड्यातल्या पावसात कुठल्याशा फरशीवरून मोटारसायकल वाहून गेली, असं कुणीतरी म्हणालं. लगेच धाकटीच्या सासूबाई माझ्याकडे वळल्या. तुमच्या त्या जीपचं सांगा ना, म्हणाल्या.

मला ती गोष्ट सांगायला आवडायची. मी शेणव्याजवळच्या एका शाळेत शिकवते. दरवर्षी पावसाळ्यात एखाद्या दिवशी निम्मीच मुलं येतात, त्या दिवशी मी पुस्तकं मिटून ही गोष्ट सांगायचे. कुठे आवाज खाली आणायचा, कुठे क्षणभर थांबायचं, सगळं बसलेलं होतं.

गोष्ट त्र्याण्णव सालची. मी चौदा वर्षांची, धाकटी आठची. गौरी-गणपतीला आम्ही आईबरोबर मामाकडे मुरबाड तालुक्यात गेलो होतो. आजी आजारी पडली म्हणून आई मागे राहिली आणि आम्हा दोघींना तिने जीपमध्ये बसवून दिलं. मुरबाड ते किन्हवली अशी ती जीप चालायची. जीपवाले काका आमच्या शेजारच्या गावचे, त्यामुळे आईला काळजी नव्हती. धाकटीचा हात सोडू नको, एवढं तिने मला बजावलं होतं. वाटेत एका ओढ्यावर फरशी होती, म्हणजे रस्त्याएवढाच उंच सिमेंटचा बुटका पूल, कठडा नाही. त्या दिवशी तिच्यावरून पाणी जात होतं. काकांनी जीप घातली आणि मध्यावर ती बंद पडली. पाणी आत आलं. मी धाकटीचा हात धरला, तिला खाली उतरवलं, कमरेएवढ्या पाण्यातून पाऊल चाचपत तिला पलीकडे नेलं. तिची चप्पल वाहून गेली, माझं दप्तर भिजलं, पण हात सुटला नाही.

बायका चुकचुकल्या. धाकटी पाळण्यातल्या बाळाचं दुपटं सारखं करत होती. मान वर न करताच ती म्हणाली, "ताई, तू सोडला होतास."

सासूबाई हसल्या. त्यांना वाटलं, बहिणी बहिणींची थट्टा चाललीय. मीही हसले.

"तू आधी उतरलीस," ती म्हणाली. "मी सीटवर उभी होते. मी तुला हाक मारली, तू मागं बघितलं नाहीस."

तेवढ्यात बाळ रडायला लागलं आणि बोलणं त्याच्या दुधावर गेलं. मला मात्र तिथे बसवेना. संध्याकाळपर्यंत थांबणार होते ती मी तीनच्या गाडीने निघाले.

पुढचे कितीतरी दिवस माझं चित्त थाऱ्यावर नव्हतं. घासलेली भांडी पुन्हा घासायला काढली. वर्गात एका मुलीची बरोबर असलेली गणितं चूक दिली आणि ती वही घेऊन माझ्यापुढे उभी राहिली, तेव्हा तिच्यावरच ओरडले. गाडीत बसून राहणं सोसेना म्हणून दोन थांबे आधी उतरून शाळेपर्यंत चालत जायला लागले. नवऱ्याला सांगितलं, तर तो म्हणाला, आठ वर्षांच्या पोरीला काय आठवणार? तेवढ्यापुरतं बरं वाटलं. पण चालता चालता डोक्यात आलं, चौदा वर्षांच्या पोरीला तरी काय आठवतंय?

मी आठवायला गेले. जीपची सीट कुठल्या रंगाची होती? माझ्या शेजारी कोण बसलं होतं? काही नाही. पाणी डोळ्यांपुढे आणायचा प्रयत्न केला की 'गढूळ, फेसाळ पाणी रोंरावत येत होते' हे वाक्य यायचं. पाणी येत नव्हतं. मी इतकी वर्षं जे आठवत होते ते माझंच बोलणं होतं.

एका रविवारी मी आईकडे गेले. आई तेव्हा फरशीवर नव्हतीच, मामाच्या घरी आजीच्या उशाशी होती. पण तिच्याइतकी भरगच्च हकीकत कुणाकडेच नव्हती. वीज चमकत होती, जीप तिरकी झाली होती, मी धाकटीला पाठुंगळी घेतलं होतं आणि देवाचं नाव घेत होते.

"आई, तू तिथं नव्हतीस," मी म्हणाले.

"मग? मला काय माहीत नाय?" ती म्हणाली, आणि पुढचं सांगायला लागली.

मी तिला थांबवलं नाही. मला त्या वेळचं एक मात्र नक्की आठवत होतं, कारण ते गोष्टीच्या बाहेरचं होतं. आई चार दिवसांनी घरी आली तेव्हा वडील तिच्याशी बोलत नव्हते. दोन पोरींना एकटं पाठवलंच कसं, एवढं एकच वाक्य ते महिनाभर मधूनमधून म्हणत होते. मोठी पोर शूर निघाली, एवढं एकच आईच्या बाजूने बोलणारं होतं. पाठुंगळी घेतल्याशिवाय तिचं भागलंच नसतं.

तिच्याकडून उठून मी जीपवाल्या काकांकडे गेले. जीप त्यांनी कधीच विकली होती. किन्हवलीत त्यांच्या मुलाचं मोबाइलचं दुकान होतं, तिथे खुर्ची टाकून ते बसायचे. मला पाहून त्यांना आनंद झाला, चहा सांगितला. विषय काढल्यावर ते खुर्चीवरून उठलेच. दाराशी उभे राहून त्यांनी मला दाखवलं: जीप इथे, ओढ्याची धार अशी, आणि ते स्वतः असे उडी मारून खाली. धाकटीला खांद्यावर घेतलं, बाकीच्यांना एकेक करून काढलं, सगळ्यांत शेवटी स्वतः बाहेर आले.

"एकाला पण खरचटलं नाय," ते म्हणाले.

मी कुठे होते, असं मी विचारलं. तू माझ्या मागोमाग, माझा पट्टा धरून, असं ते म्हणाले. आणखी कुणी होतं का तिथे मदतीला, असंही मी सहज विचारलं. वर टेकाडावरच्या वाडीची माणसं होती, पण ती लांब उभी राहून बघत होती, असं उत्तर आलं.

धाकटी माझ्या हाताशी होती, माझ्या पाठीवर होती, काकांच्या खांद्यावर होती आणि सीटवर एकटी उभी होती. घरी येईपर्यंत मला नुसतं चिडचिडायला होत होतं, आणि कुणावर चिडायचं ते कळत नव्हतं.

मग मला वही आठवली. जीप अडकली त्याच वर्षी हिवाळ्यात शहापूरला निबंधस्पर्धा होती. 'माझ्या आयुष्यातील अविस्मरणीय प्रसंग' असा विषय. मला पहिला नंबर मिळाला आणि झाकणावर नाव कोरलेला स्टीलचा डबा मिळाला. त्या निबंधातली वाक्यंच मी पंधरा वर्षं सांगत होते, हे आता माझ्या लक्षात आलं होतं. पण स्पर्धेआधी सरांनी माझ्याकडून तो निबंध दोनदा कच्चा लिहून घेतला होता. आई वह्या टाकत नाही. पुढच्या रविवारी मी तिच्या माळ्यावर चढले आणि पत्र्याची पेटी उपसली.

कच्ची वही सापडली. कडा वाळवीने खाल्लेल्या, पण अक्षर स्पष्ट होतं. तिसऱ्या पानावर मी लिहिलं होतं: 'इतक्यात वाडीवरची एक बाई पाण्यातून आमच्याकडे आली. तिने माझ्या बहिणीला कडेवर घेतले. मला म्हणाली, जीपची दांडी सोड. मी सोडत नव्हते. नंतर ती परत मला न्यायला आली.' या चार ओळींवरून लाल रेघ मारलेली होती आणि समासात सरांचं अक्षर: 'प्रसंग तुझा आहे. बाईचा उल्लेख नको.' चार पानं पुढे निबंध पुन्हा लिहिलेला. तिथे माझ्याच अक्षरात, बाईच्या जागी: 'मी बहिणीचा हात घट्ट धरला.'

मी माळ्यावर पेटीला टेकून बसले. सरांचा राग आला नाही. ते सायकलवरून यायचे, शाळा सुटल्यावर थांबून माझ्याकडून लिहून घ्यायचे. आमच्यासारख्या शाळेतल्या मुलीचा तालुक्यात नंबर यावा, एवढंच त्यांच्या मनात होतं. मला भीती वाटली ती दुसऱ्याच गोष्टीची. मी स्वतः लिहिलेलं वाचत होते आणि तरीही ती बाई मला आठवत नव्हती. चेहरा नाही, आवाज नाही, लुगड्याचा रंग नाही. एका लाल रेघेमुळे मी तिला इतकी साफ विसरले होते. आणि हात? त्या चार ओळींत हाताबद्दल काहीच नव्हतं. माझा हात दांडीवर होता.

नवरात्र संपल्यावर मी त्या वाडीवर गेले. फरशीच्या जागी आता उंच पूल झाला होता. टेकाड चढून दोन घरी विचारलं आणि तिसऱ्या घरी ती सापडली. पन्नाशी उलटलेली, बारीक अंगाची. अंगणात नाचणीची कणसं वाळत घातली होती आणि ती त्यांतला कचरा निवडत होती. मी कोण ते सांगितलं. तिने हात थांबवले नाहीत.

"जीप? हां," ती म्हणाली. "मला उतरवली ती जीप."

ती त्या दिवशी मुरबाडहून काकड्या विकून येत होती. आत जागा नव्हती म्हणून रिकामी टोपली घेऊन मागच्या पायरीवर उभी होती. फरशी आली तशी गाडीवाल्याने तिला सांगितलं, गाडी जड होतेय, तू उतर आणि चालत ये. ती उतरली आणि जीपच्या मागोमाग पाण्यातून चालायला लागली.

"म्हणून तं मला ठावं होतं पाणी किती हाय," ती म्हणाली. "आत बसल्याला काय कळंल?"

जीप बंद पडली तेव्हा ती तिथेच मागे होती. पोरी रडत होत्या म्हणून तिने काढल्या. किती पोरी? दोन, का तीन. आणखी कुणाला काढलं का? एक म्हातारी होती, तिला गाडीवाल्याने धरलं. एवढं बोलून ती पुन्हा कणसांकडे वळली.

मी तिथवर गेले होते ते एकाच गोष्टीसाठी. मी विचारलं, "मावशी, आम्हा दोघींचा हात धरलेला होता, तो तुम्ही सोडवलात ना?"

"असंल," ती म्हणाली.

माझ्या छातीवरचं ओझं उतरलंच. क्षणभर. मग माझ्यातली मास्तरीण जागी झाली. वर्गात पोराच्या तोंडात उत्तर घालायचं नाही, एवढं मलाही कळतं. मी पुन्हा विचारलं, "का मी आधीच सोडला होता?"

"तसंबी असंल, बाय. मी कुठं बघत व्हते."

मग मी गप्प बसले, आणि मी गप्प बसल्यावर ती आपण होऊन बोलली. परतताना फरशीच्या फुटलेल्या कडेची सळई तिच्या पायात घुसली होती. पाय सुजला, पिकला. त्या वर्षी भातकापणीला ती जाऊच शकली नाही, दिवाळी ओटीवर पाय लांब करून काढली. आमच्याकडचं कुणी विचारायला आलं का, असं मी विचारलं. विचारतानाच उत्तर माहीत होतं. ती तक्रार केल्यासारखी बोलत नव्हती. कोण येणार, एवढंच म्हणाली आणि मला पाणी आणून दिलं.

तिथून मी तडक किन्हवलीला काकांच्या दुकानात गेले. हे मी करायला नको होतं, निदान तसं नको होतं. दुकानात गिऱ्हाइकं होती, त्यांचा मुलगा होता, आणि मी उभ्या उभ्या म्हणाले की तुम्ही त्या बाईला फरशीवर उतरवलं होतं आणि तिनेच आम्हाला काढलं. काकांचा चेहरा उतरला.

"मी कुणाला उतरवली नाय," ते म्हणाले. "तू बारकी होतीस. तुला काय आठवतं?"

मला काहीच आठवत नव्हतं, हे खरंच होतं. मी निघून आले. म्हातारीला त्यांनी बाहेर काढलं होतं, हे ती बाईसुद्धा म्हणाली होती, पण ते मी दुकानात बोलले नाही. का नाही बोलले, हे मला अजून टोचतं. खरं सांगायला गेले होते, की मी एकटीच खोटी ठरू नये म्हणून आणखी एकाला खाली खेचायला? त्यानंतर दुकानावरून जाताना मी दिसले की काका हातातल्या फोनमध्ये डोकं घालतात. एकदा चौकात समोरासमोर आलो तेव्हा मी थांबले, ते थांबले नाहीत.

दिवाळीला धाकटी माहेरी आली. दुपारी आई शेजारी गेली होती तेव्हा मी तिला सगळं सांगितलं. वही दाखवली. वाडीवर मी कसं विचारलं आणि ती बाई काय म्हणाली, तेही जसंच्या तसं सांगितलं, लपवलं नाही. तिने लाल रेघेखालच्या ओळी दोनदा वाचल्या.

"बाई आठवत नाय," ती म्हणाली. "धुराचा वास आठवतो. लुगड्याला धुराचा वास. मला वाटायचं तो मामीचा."

मी वाट बघत राहिले. तिला ते कळलं.

"आणि हात सोडलेला आठवतो," ती म्हणाली. "ते मी कसं बदलू?"

मी म्हणाले की कदाचित मी शिकायला बाहेर गेले आणि ती घरी एकटी पडली, ते सगळं त्या दिवसात मिसळलं असेल. हे मी रस्त्याने चालताना जुळवून ठेवलेलं होतं. तिने वही मिटली.

"बघ, आतासुद्धा माझं तूच सांगतेस," ती म्हणाली. "ताई, मला तुझा राग नाय. हात सोडलास तर सोडलास, तू पण पोरच होतीस. पण बारशात, लग्नात, हळदीकुंकवात तू ती गोष्ट सांगायचीस आणि मी त्यात नुसती ओढून आणलेली पोर असायचे. मला कितीदा वाटलं, कुणीतरी मला विचारंल, तुला काय झालं होतं. आईनं नाय विचारलं. तू पण नाय."

मी तेव्हा विचारलं. तिने सांगितलं. पाणी सीटला लागलं तेव्हा तिला वाटलं होतं की आता आपण इथेच राहणार, आणि तिला भीती वाटली नव्हती, लाज वाटली होती, कारण नवीन फ्रॉकमध्ये तिला शू झाली होती आणि ते कुणाला कळू नये म्हणून ती सीटवरून उतरत नव्हती. हे तिने तोपर्यंत कुणालाच सांगितलं नव्हतं. सांगताना तिला हसू आलं, मला आलं नाही.

दुसऱ्या दिवशी तीच म्हणाली, मला त्या बाईकडे घेऊन चल. बाळाला आईपाशी ठेवलं आणि आम्ही दोघीच गेलो. फराळाचा डबा आणि एक साडी नेली होती. साडी देताना मला अवघडल्यासारखं झालं, आणि घेताना तिलाही. मला वाटलं होतं धाकटी आता हाताचं विचारेल. तिने विचारलं नाही. तिने विचारलं, मावशी, पाय दुखतो का अजून?

अंगणात कणसांपाशी बसलेल्या बाईने लुगडं थोडं वर घेऊन पाय दाखवला. घोट्याच्या वर पांढरा, आवळलेला वण होता आणि तिथून पाऊल जरा आत वळलेलं. धाकटीने वाकून त्याला हात लावला. बाईने लगेच पाय ओढून घेतला, लाजल्यासारखी हसली आणि आत जाऊन आमच्यासाठी एक लाल भोपळा घेऊन आली. तो नको म्हणायची सोय नव्हती.

उतरून आम्ही रस्त्याला आलो. गाडीला वेळ होता. भोपळा पायाशी ठेवून आम्ही उभ्या होतो. धाकटी म्हणाली, बिचारीचा उजवा पाय केवढा वाकडा झालाय.

"डावा," मी म्हणाले.

"उजवा, ताई. मी हात लावला त्याला."

बाई दाराकडे तोंड करून बसली होती, म्हणजे माझ्याकडचा पाय डावा, असं मी तिला रस्त्यावरच पाय पुढे करून दाखवलं. दाराकडे नाही, अंगणातल्या चुलीकडे तोंड होतं, असं धाकटी म्हणाली. आमचे आवाज चढले. खाली येऊन अर्धा तासही झाला नव्हता. परत वर जाऊन बघू या का, असं धाकटीने विचारलं, पण आमच्या भांडणासाठी त्या बाईला पुन्हा लुगडं वर करायला कसं सांगणार? गाडी आली. गर्दी नव्हती. धाकटी खिडकीशी बसली, मी तिच्या बाजूला. किन्हवली येईपर्यंत ती बाहेर बघत होती आणि मी मनातल्या मनात ते अंगण पुन्हा मांडत होते: कणसं इकडे, दार तिकडे, बाई मध्ये. दर वेळी ती वेगळ्याच बाजूला तोंड करून बसत होती.